दोन व्याही, एक जादूगार आणि हसत सुटलेला नोकर

बागेत एक छोटं टेबल, त्याभोवती तीन पोक्त गृहस्थ. दोघांच्या हातात पत्ते, तिसरा डाव बघतोय. घरचा नोकर ट्रेमध्ये बाटली आणि ग्लास घेऊन येतो. बिअर ओतली जाते, डाव चालूच राहतो. नोकर मात्र ट्रे ठेवून आत जायचं सोडून तिथेच उभा राहतो आणि हसत सुटतो. कंबरेत वाकवाकून, हातवारे करत, पोट दुखेस्तोवर. तो कशाला हसतोय हे कळायच्या आत चित्र संपतं. एकूण वेळ, पन्नास सेकंदांच्या आसपास.

पहिल्यांदा हा तुकडा बघताना माझा अंगठा नकळत फोनच्या आवाजाच्या बटणावर गेला होता. वाटलं, काहीतरी विनोद झाला आणि आपल्याला ऐकू आला नाही. चित्रपट १८९५-९६च्या सुमाराचा आहे आणि त्याला आवाज नाही, हे माहीत असूनसुद्धा! मग तोच तुकडा पुन्हा लावला, पुन्हा लावला, आणि लक्षात आलं की ऐकण्यासारखं काही सुटलेलंच नाही. इथे विनोद नाहीच, नुसतं हसू आहे. फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंनी काढलेला हा चित्रपट ‘एकार्तेचा डाव’ म्हणून ओळखला जातो. एवढ्याशा तुकड्यात सिनेमाच्या बाळपणाबद्दल बरंच काही दडलेलं आहे. ते जरा उलगडून बघू.

आधी मंडळींची ओळख. पत्ते खेळणाऱ्यांपैकी एक म्हणजे आंत्वान ल्युमिएर, ओग्युस्त आणि लुई या भावांचे वडील. मूळचे चित्रकार आणि छायाचित्रकार; हौशी, खर्चिक, लोकांत रमणारे. लिऑं शहरात त्यांचा, ज्यांवर फोटो टिपले जायचे त्या काचा बनवण्याचा कारखाना होता आणि तो नावारूपाला आणला मुलांनी. पण १८९४मध्ये पॅरिसला एडिसनचं किनेटोस्कोप बघून, म्हणजे एका वेळी एकानेच डोळा लावून बघायची ती पेटी बघून, मुलांच्या मागे भुंगा लावला तो वडिलांनी. हे चित्र पेटीतून बाहेर काढा, पडद्यावर आणा. डाव बघत बसलेले आणि बिअर ओतणारे गृहस्थ आल्फोन्स विंकलर. लिऑंमध्ये त्यांची बिअरची भट्टी होती, आणि दोघाही ल्युमिएर भावांचे ते सासरे. एकाच घरच्या दोन मुली दोघा भावांना दिलेल्या. म्हणजे आंत्वान आणि विंकलर हे दोघे व्याही. आणि त्यांच्याबरोबर बसलेले तिसरे फेलिसियं ट्रेवे हे आंत्वानचे जुने स्नेही आणि रंगमंचावरचे नावाजलेले जादूगार. कॅमेऱ्यामागे आहे लुई, म्हणजे एकाचा मुलगा आणि दुसऱ्याचा जावई. बसायची जागा म्हणजे दक्षिण फ्रान्समध्ये समुद्रकाठी ला सिओता इथे ल्युमिएर कुटुंबाचं जे ऐसपैस घर होतं, तिथली बाग.

इतकं कळलं की हा ‘चित्रपट’ एकदम घरगुती वाटायला लागतो. सुट्टीत पाहुणे जमलेत, व्याही आलेत, आणि घरातल्या तरुण मुलाने नवीन यंत्र काढलंय. आपल्याकडे नवा मोबाइल आला की आधी घरातलीच माणसं त्यात सापडतात, तसंच.

पण हे फक्त घरगुती चित्रण असतं तर पत्त्यांचा अड्डा घरात जमला असता. पुरुषमाणसं, पत्ते, बिअर, सिगार. याला बागेत टेबल मांडून बसायची काय गरज? गरज यंत्राची होती. त्या काळच्या फिल्मला भरपूर उजेड लागायचा. दिव्याच्या उजेडात आत बसलेली माणसं तिच्यावर उमटलीच नसती. म्हणून सुरुवातीच्या चित्रपटांत सगळं जग उन्हात घडताना दिसतं. बाळाला भरवायचं बागेत, पत्ते खेळायचे बागेत. काही वर्षांनी स्टुडिओ आले तेही आधी काचेच्या भिंतींचे, उन्हाला आत घेणारे.

आता ते यंत्र. सिनेमातोग्राफ नावाची ही लाकडी पेटी साधारण पाच किलोची. तिला एक हँडल. हँडलच्या एका फेऱ्यात आठ चित्रं टिपली जात, आणि सेकंदाला दोन फेरे अशा लयीत ते फिरवायचं, म्हणजे सेकंदाला सोळा चित्रं. पेटीत मावणारी फिल्म साधारण सतरा मीटर. हिशोब केला तर आठशेच्यावर चित्रं आणि पन्नास-पंचावन्न सेकंद. तेवढ्यात जे घडेल तो चित्रपट. मधे कापणं नाही, जोडणं नाही, कॅमेरा हलवणं नाही.

आतल्या कामाची मेख सांगायलाच हवी, कारण बऱ्याच जणांची समजूत अशी असते की फिल्म एका वेगाने सरसर पळते. तशी पळाली तर पडद्यावर नुसता धुरकट पट्टा दिसेल. फिल्म थांबत थांबत पुढे जायला हवी. एक चित्र भिंगासमोर क्षणभर निश्चल, मग झडप बंद, त्या अंधारात फिल्म एक घर पुढे, झडप उघडी, पुन्हा निश्चल. असं सेकंदाला सोळा वेळा. शिवणयंत्रात कापड कसं पुढे सरकतं आठवा. टाका पडताना ते थांबतं आणि सुई वर गेली की टाक्याएवढं सरकतं. लुईलाही युक्ती सुचली ती शिवणयंत्रावरूनच. फिल्मच्या कडेच्या भोकांत दोन छोट्या नख्या अडकतात, फिल्म खाली ओढतात, सुटतात, पुन्हा वर येतात. आणि हीच पेटी चित्रं टिपणार, हीच त्यांच्या प्रती काढणार, मागे दिवा लावला की हीच ती पडद्यावर दाखवणार. एडिसनच्या अवजड कॅमेऱ्यापुढे हे प्रकरण काखोटीला मारून गावोगाव हिंडता येण्यासारखं होतं.

पन्नास सेकंदांची मर्यादा लक्षात ठेवून टेबलाकडे परत बघा. टेबलाच्या चारही बाजूंना माणसं नाहीत. आपल्याकडची बाजू मोकळी सोडलेली आहे. खऱ्या अड्ड्यात असं कोणी बसत नाही, नाटकात बसतात. लुईला माणसांच्या पाठी नको होत्या, पत्ते आणि चेहरे हवे होते. नोकराने कधी यायचं, बाटली कधी उघडायची हेही ठरलेलं असणार, नाहीतर सतरा मीटर फिल्म नुसत्या पत्ते पिसण्यात गेली असती. ल्युमिएरचे चित्रपट म्हणजे जसं आहे तसं टिपलेलं वास्तव, असं सर्रास लिहिलं जातं. मला ते अर्धंच पटतं. माणसं खरी, बाग खरी, बिअरही खरी, पण बसवणूक नाटकाची आहे.

खेळाबद्दल दोन शब्द, कारण टेबलावर तिसरा माणूस नुसता बघत का बसलाय याचं उत्तर त्यात आहे. एकार्ते हा दोघांचाच खेळ. बत्तीस पानांचा कॅट, म्हणजे सत्तीच्या खालची पानं काढून टाकलेली. प्रत्येकाला पाच पानं वाटायची आणि पुढचं पान उलटून हुकूम ठरवायचा. यात राजा सगळ्यात मोठा आणि एक्का चक्क गुलामाच्या खाली. आपल्याकडच्या सवयीने खेळायला बसलात तर पहिल्याच डावात फसाल. हातातली पानं आवडली नाहीत तर समोरच्याच्या संमतीने टाकून नवी घेता येतात. फ्रेंचमध्ये बाजूला टाकणं म्हणजे ‘एकार्ते’, त्यावरूनच खेळाचं नाव. तीन हात केले की एक गुण, पाचही केले की दोन, आणि पाच गुण आधी करेल तो जिंकला. एकोणिसाव्या शतकात पॅरिसच्या दिवाणखान्यांत आणि क्लबांत याचा फार बोलबाला होता, आणि त्यातली खरी गंमत बघ्यांची होती. खेळायचे दोघेच, पण भोवती उभे राहून पैसे लावणारे पुष्कळ. म्हणजे बघणाऱ्याला या खेळात हक्काची जागा आहे. चित्रपटासाठी याहून सोयीचा खेळ मिळणं कठीण.

याच सुमारास, याच दक्षिण फ्रान्समध्ये, चित्रकार सेझान पत्ते खेळणाऱ्या माणसांची चित्रं एकापाठोपाठ एक रंगवत होता. ती बघितलीत तर फरक डोळ्यांत भरेल. सेझानचे शेतकरी देवळात बसल्यासारखे गप्प आहेत. कोणी मान वर करत नाही. ल्युमिएरच्या टेबलाला मात्र एक हसणारा माणूस लागला. का लागला?

मला या पन्नास सेकंदांतला सगळ्यात मोलाचा भाग वाटतो तो हाच. ल्युमिएरचाच ‘पाणी उडालेला माळी’ हा पहिला विनोदी चित्रपट मानला जातो. त्यात विनोद डोळ्यांना दिसतो. पोरगं पाइपवर पाय देतं, पाणी थांबतं, माळी तोटीत डोकावतो, पोरगं पाय काढतं, आणि फवारा तोंडावर. हा विनोद छापील चित्रकथांमधून लोकांच्या आधीच ओळखीचा होता. कारण, परिणाम, मार, संपलं. त्याला आवाजाची काही गरज नाही. पण गप्पांचा अड्डा, मित्रांची थट्टामस्करी, कोणीतरी टाकलेला शेरा, ही गंमत असते शब्दांत. मुक्या पडद्यावर ती दाखवायची कशी? लुईने काढलेला तोडगा असा की शेरा गाळायचा आणि हसणारा ठेवायचा. नोकर आपल्या वतीने हसतो. पुढे अर्ध्या शतकाने टीव्हीच्या मालिकांत ध्वनिमुद्रित हशा पेरायला लागले, तोच प्रकार, फक्त आवाजाशिवाय.

आणि हसणारा नोकरच का? कारण मालकमंडळींना तसं हसणं शोभणार नव्हतं. कोटातले व्याही गालात हसतील, मान हलवतील. अंगाला झटके देत खदाखदा हसायचं काम नोकराचं, हे तर युरोपच्या रंगभूमीवर शतकानुशतकं ठरलेलं. आपल्या लोकनाट्यातही राजा राजासारखा उभा राहतो आणि हसवायचं काम हवालदाराकडे असतं, तेव्हा हे आपल्याला समजावून सांगायची गरज नाही. चित्रपटात ओळखीची नावं तीन, आणि ज्याच्यामुळे तो लक्षात राहतो तो चौथा.

अभ्यासक या काळाला ‘आकर्षणांचा सिनेमा’ म्हणतात. अर्थ साधा आहे. तेव्हाचा चित्रपट गोष्ट सांगायला बसत नसे. जत्रेतल्या खेळासारखा ‘हे बघा’ म्हणून काहीतरी पुढे करायचा. आजच्या अर्थाने यात कथानक शोधायला गेलं तर निराशा पदरी येते. तेव्हाच्या प्रेक्षकाला सिगारचा धूर हलताना दिसणं, ग्लासात फेस चढताना दिसणं, हीच मोठी बात होती.

ट्रेवे यांचं तिथे असणंही निव्वळ पाहुणचार नव्हतं. हाताच्या सावल्यांची चित्रं करणं, ताटं गरागरा फिरवणं, आणि मधे भोक असलेल्या फेल्टच्या एकाच चकतीला मुडपून तिच्या निरनिराळ्या टोप्या करत क्षणात वेगळा माणूस होणं, यासाठी ते प्रसिद्ध होते. ताटं आणि टोप्या हे दोन्ही खेळ ल्युमिएरनी वेगळे चित्रितही केले. पत्ते हाताळणं हा तर जादूगाराचा रोजचा धंदा. २० फेब्रुवारी १८९६ला लंडनच्या रीजंट स्ट्रीटवर सिनेमातोग्राफचा पहिला खेळ झाला, तो मांडला ट्रेवे यांनीच. लंडनच्या खेळासाठी ल्युमिएरनी निवडला तो जादूगार. लोकांना थक्क कसं करायचं, खेळाला क्रम कसा लावायचा, हे ज्याच्या हाडात मुरलेलं त्याच्या हाती यंत्र दिलं.

त्याच वर्षी ते यंत्र मुंबईतही उतरलं. ल्युमिएरचा माणूस मारियुस सेस्तिए ऑस्ट्रेलियाला निघाला होता. वाटेत ७ जुलै १८९६ला त्याने काळा घोड्याजवळच्या वॉटसन हॉटेलात सहा छोट्या चित्रपटांचा खेळ लावला. तिकीट एक रुपया. त्या पहिल्या सहांत पत्त्यांचा डाव नव्हता; आगगाडीचं येणं, कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार असे विषय होते. या खेळांचा परिणाम ज्यांच्यावर झाला त्यांत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, हे एक. त्यांनी परदेशातून कॅमेरा मागवला आणि १८९९मध्ये हँगिंग गार्डनवर कुस्ती चित्रित केली. पुन्हा उघड्यावर, उन्हात, आणि भोवती बघे असलेला खेळ.

जादूगारांवरून आठवलं, आपले दादासाहेब फाळकेही चित्रपटांत येण्याआधी जादूचे प्रयोग करायचे, ‘प्रोफेसर केळफा’ या नावाने. फाळके उलटं वाचा.

सिनेमाकडे वळलेला सगळ्यात मोठा जादूगार मात्र पॅरिसमध्ये होता, आणि त्याची पहिली पायरी थेट आपल्या पत्त्यांच्या टेबलापाशी येते. जॉर्ज मेलिएस. १८८८पासून रोबेर-उदें या जादूच्या नाट्यगृहाचा मालक. २८ डिसेंबर १८९५ला पॅरिसच्या ग्रँड कॅफेच्या तळघरात ल्युमिएरचा पहिला तिकीट लावलेला खेळ झाला तेव्हा तो हजर होता. खेळ संपताच त्याने यंत्र विकत मागितलं. खेळ भरवणारे होते आंत्वान ल्युमिएर, आपले सिगारवाले व्याही. त्यांनी नाही म्हटलं. मेलिएसने पुढे सांगितल्यानुसार त्याने दहा हजार फ्रँक देऊ केले होते आणि इतरांनी तर त्याहून कितीतरी जास्त. तरी नाही. ल्युमिएर पहिलं वर्षभर यंत्र विकतच नव्हते. स्वतःची माणसं पाठवून खेळ लावायचे.

मेलिएस लंडनला गेला, रॉबर्ट पॉल नावाच्या कारागिराकडून प्रोजेक्टर आणला, त्यातच फेरफार करून कॅमेरा तयार केला. आणि १८९६मध्ये पॅरिसजवळ मोंत्रय इथल्या आपल्या बागेत पहिला चित्रपट काढला. विषय? बागेत टेबल मांडून पत्ते खेळणारे गृहस्थ! त्याच्या स्टार फिल्म कंपनीच्या यादीत क्रमांक एकवर आजही हीच नोंद आहे, ‘पत्त्यांचा डाव’. ज्या माणसाने यंत्र द्यायला नकार दिला, त्याच्याच टेबलाची नक्कल. यामागे खुन्नस होती असं मी म्हणणार नाही. पण मला हसू येतं.

नक्कल घोटवून काढलेली नाही, आणि फरक बघण्यासारखे आहेत. बिअरच्या जागी वाइन आली. नोकराच्या जागी एक लहान मुलगी येते, तिला निरोप देऊन पाठवलं जातं आणि मग एक बाई बाटली नि ग्लास घेऊन येते. ती मुलगी म्हणजे मेलिएसचीच जॉर्जेत. टेबलाशी स्वतः मेलिएस आहे आणि त्याचा भाऊ गास्तोंही. म्हणजे इथेही सगळा घरचाच मामला. शेवटी हसूही आहे, पण त्याला एक निमित्त दिलंय. टेबलावरचा एकजण वर्तमानपत्र वाचत असतो, त्यात त्याला काहीतरी गमतीचं सापडतं, आणि सगळे हसतात. आपल्याला तो मजकूर दिसत नाही, दिसूही शकत नाही. पण मेलिएसला बहुतेक जाणवलं असावं की नुसतं हसू हवेत लोंबकळतं, त्याला कुठेतरी खुंटी हवी. गोष्टीच्या दिशेने टाकलेलं ते अर्धं पाऊल मला दिसतं. चंद्रावर जाणाऱ्या माणसांची गोष्ट तो सांगणार होता त्याला अजून सहा वर्षं होती.

त्या वेळी नक्कल करण्यात कोणाला लाज वाटत नव्हती. चित्रपट हा माल होता, मीटरवर विकला जाई. जत्रेत तंबू लावणाऱ्याला पत्तेवाला चित्रपट हवा असेल आणि ल्युमिएर तो देत नसतील, तर दुसरा कोणीतरी आपल्या बागेत टेबल मांडणारच. मेलिएसने माळ्याची आणि पाइपची गंमतही त्याच वर्षी आपल्या परीने काढली. कायद्याला तर चित्रपट ही वस्तू काय आहे हेच धड ठरवता येत नव्हतं. अमेरिकेत १९१२पर्यंत चित्रपटांची नोंदणी छायाचित्रांच्या खात्यावर व्हायची.

मग फासा उलटा पडला. १९०२मध्ये मेलिएसचा चंद्रप्रवास गाजला आणि अमेरिकेत त्याच्या प्रतींवरून धडाधड प्रती निघाल्या. एडिसनच्या कंपनीसकट अनेकांनी त्या विकल्या, आणि करणाऱ्याच्या हाती काही पडलं नाही. मेलिएस आपली मालकी दिसावी म्हणून कंपनीची चांदणी नेपथ्यातच रंगवायला लागला, म्हणजे प्रत कोणीही काढली तरी चांदणी पडद्यावर येणारच. आणि १९०३मध्ये त्याने न्यूयॉर्कला शाखा उघडली, चित्रपटांची तिथे रीतसर नोंदणी करायला आणि नक्कल करणाऱ्यांना कोर्टाचा धाक दाखवायला. शाखेच्या छापील यादीत तशी तंबीही दिलेली होती. या कामगिरीवर त्याने ज्याला धाडलं तो गास्तों, मोंत्रयच्या बागेत दुसऱ्याच्या विनोदावर हसत बसलेला त्याचा भाऊ.